अंशुक : एका उजळणाऱ्या वस्त्राच्या प्रकल्प नोंदी

४ जून

दरीच्या जगावर जी कादंबरी लिहीत आहे, तिच्या पहिल्याच प्रकरणात अंधारात उजळणाऱ्या वस्त्राचा उल्लेख येतो, आणि तो आजवर केवळ शोभेपुरता राहिला होता. ‘हे कापड चमकते’ एवढे सांगून पहिले प्रकरण निभावून नेता येईल. पण पाचव्या प्रकरणात त्याच कापडावरून एका घरात तंटा होणार आहे, आणि ते कापड कसे चालते हे मलाच ठाऊक नसेल तर त्या तंट्यात कोणाचीच बाजू खरी वाटणार नाही. म्हणून आजपासून या वस्त्राच्या नोंदी वेगळ्या वहीत ठेवत आहे.

नाव ‘अंशुक’ ठरवले. संस्कृतात ‘अंशु’ या शब्दाला किरण आणि धागा असे दोन्ही अर्थ आहेत, आणि ‘अंशुक’ म्हणजे तलम वस्त्र. चीनकडून येणाऱ्या रेशमाला चीनांशुक म्हणत. किरण आणि धागा एकाच शब्दात आधीच नांदत असताना मी वेगळे नाव घडवण्याचे कारण नाही.

दरीविषयी जे पक्के आहे ते असे. ती इतकी खोल आहे की तळाशी ऊन दिवसाकाठी जेमतेम दोन घटका पोहोचते. तेल दुर्मीळ आहे. धान्याची कोठारे कड्यांत कोरलेली आहेत आणि तेथे उघडी ज्योत नेता येत नाही, कारण कोंदट जागेत उडणारी धान्याची बारीक धूळ स्फोटासारखी पेट घेऊ शकते. हे शेवटचे आपल्या जगातही खरे आहे, आणि अंशुकाची गरज तेथूनच निर्माण होते : दरीला न जाळणारा उजेड हवा आहे.

९ जून

उजेड येतो कोठून, हा आजचा प्रश्न. निसर्गात थंड उजेडाचे जे प्रकार दिसतात त्यांपैकी तीन माझ्या कामाचे वाटले. काजव्याच्या शरीरात ल्युसिफेरिन नावाच्या द्रव्याचा प्राणवायूशी संयोग होतो आणि उजेड निघतो. पण त्यासाठी ते द्रव्य सतत तयार करणारे जिवंत शरीर लागते, आणि कापड काही जिवंत नसते. दुसरा प्रकार तुटण्याचा : साखरेचा खडा गडद अंधारात फोडला तर क्षणभर निळसर चमक दिसते. तो मोहक आहे खरा, पण त्यावर कोठार उजळणार नाही. तिसरा प्रकार परत देण्याचा. १६०२च्या सुमारास इटलीतील बोलोन्या येथे व्हिन्चेन्झो कास्कारिओलो या चांभाराने एक जड दगड कोळशाबरोबर भाजला आणि तो उन्हात ठेवून अंधारात नेल्यावर उजळतो असे त्याच्या ध्यानात आले. दगडाने उजेड घेतला, धरून ठेवला आणि सावकाश परत दिला.

अंशुकासाठी हाच मार्ग घेत आहे. जो धागा उधारी फेडतो तो मला स्वयंप्रकाशी धाग्यापेक्षा अधिक विश्वासार्ह वाटतो, कारण उधारी म्हटले की हिशेब आला, आणि हिशेब आला की माणसे आली.

१५ जून

धाग्याचा उगम. दरीच्या वरच्या काठावर, जेथे ऊन भरपूर आहे, तेथील दगडफुलावर एक अळी जगते आणि तेथेच कोष विणते. रेशीमकिड्याच्या कोषात साधारण ६०० ते ९०० मीटर लांबीचा अखंड तंतू असतो, दोन पदर सेरिसिन नावाच्या डिंकाने एकमेकांना चिकटलेले असतात, आणि तो डिंक सैल करण्यासाठी कोष गरम पाण्यात घालतात. माझ्या अळीचा कोष मात्र उकळायचा नाही. जपानमधील संशोधकांनी २०१३ साली प्रसिद्ध केलेल्या कामात जनुकीय बदल केलेल्या किड्यांपासून प्रतिदीप्त, म्हणजे निळ्या उजेडाखाली चकाकणारे, रेशीम काढले होते. नेहमीच्या तापमानाला उकळल्यास रंग देणारे प्रथिन बिघडते म्हणून त्यांना कमी तापमानाची पद्धत वापरावी लागली. दरीतील लोकांनीही तोच धडा पिढ्यान्‌पिढ्या सोसून शिकलेला असेल. तेथे कोष कोमट पाण्यात तीन दिवस भिजत पडतात, धागा अतिशय हळू निघतो, आणि म्हणूनच अंशुक महाग असते.

२२ जून

आज वही बाजूला ठेवून प्रत्यक्ष विणले. बाजारात अंधारात उजळणारा धागा मिळतो. त्यात युरोपियम आणि डिस्प्रोसियम यांचा अंश असलेले स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेट वापरतात, जे १९९०च्या दशकात जपानमध्ये पुढे आले आणि जुन्या झिंक सल्फाइडपेक्षा पुष्कळ अधिक वेळ उजळते. लाकडी चौकटीला खिळे ठोकून वीतभर माग तयार केला. ताणा, म्हणजे उभे धागे, काळ्या सुताचा; बाणा, म्हणजे आडवे धागे, उजळणाऱ्या धाग्याचा. तीन तुकडे विणले : एक साध्या विणीचा, एक तिरप्या विणीचा आणि एक साटीनचा, ज्यात बाण्याचा धागा चार उभ्या धाग्यांवरून मोकळा जातो आणि पाचव्याखाली अडकतो. तिन्ही तुकडे सारखाच वेळ खिडकीत ठेवून मग दार-खिडकी बंद केलेल्या खोलीत नेले.

साध्या विणीचा तुकडा भुरभुरीत दिसला, जणू कोणी उजेड चाळणीतून पाडला आहे. निम्मा धागा काळ्या सुताखाली गाडला जातो आणि जो धागा दिसत नाही तो उजळूनही व्यर्थ आहे. तिरप्या विणीत कर्णरेषा उमटल्या, पण त्या हालचालीत तुटक वाटल्या. साटीन मात्र तळ्याच्या पाण्यासारखे सलग उजळले. त्याची किंमतही लगेच कळली : मोकळा धागा बोटातील अंगठीत अडकला आणि एक फास बाहेर ओढला गेला. कोठारात पोती उचलणाऱ्या माणसाच्या अंगावर साटीन आठवडाभर टिकणार नाही. दरीत कामाचे अंशुक तिरप्या विणीचे आणि समारंभाचे साटीनचे, हा भेद यातून आपोआप ठरला.

चौथा तुकडा केवळ कुतूहलापोटी विणला आणि तोच सर्वांत मोलाचा निघाला. या वेळी ताणा काळ्याऐवजी पांढरा घेतला. अंधारात पाहिले तर न उजळणारे पांढरे धागेही उजळल्यासारखे दिसत होते, कारण शेजारच्या धाग्याचा उजेड ते गिळत नव्हते, पसरवत होते. मग तीन बाण्यांमागे एकच उजळणारा धागा घालून पाहिले. उजेड मंद झाला, पण डाग पडले नाहीत. म्हणजे गरीब घरातही अंशुक असू शकते, तीन धाग्यांत एक असे. भेसळही होऊ शकते, आणि ती ओळखण्यासाठी ग्राहक कापड उलटे करून, ताण देऊन, धागे विरळ करून पाहतील. हे बसल्या जागी सुचले नसते. चौथ्या तुकड्यामुळे सुचले.

३ जुलै

डोळ्यांविषयी. परवा खोलीत शिरल्यावर पहिली काही मिनिटे तुकडे फिके वाटले होते आणि मी धागाच वाईट म्हणून बाजूला काढणार होते. अंधाराला डोळे पुरते सरावण्यास सुमारे अर्धा तास लागतो. मंद उजेडात डोळ्यांतील दंडाकार पेशी काम करतात. त्यांना रंग कळत नाहीत, आणि दृष्टीच्या अगदी मध्यबिंदूशी त्या नसतात. म्हणून अतिशय मंद वस्तूकडे रोखून पाहिले की ती हरवते आणि किंचित बाजूला पाहिले की दिसते. जुने, थकलेले अंशुक दरीतील माणसे तिरप्या नजरेने पाहतील. ‘आजीच्या शेल्याकडे सरळ पाहू नये’ हा घरातील दंडक लहान मुलांना आदराचा वाटेल. मोठेपणी त्यांना कळेल की तो दिसण्याचा आहे.

दुसरा लाभ : तांबड्या उजेडाला दंडाकार पेशी फारशा दाद देत नाहीत, आणि माझा धागाही तांबड्या उजेडाने भारला जात नाही, त्याला निळा-जांभळा उजेड लागतो. म्हणजे विणकर निखाऱ्यांच्या लालीत बसून विणू शकतात. त्यांचे डोळेही सरावलेले राहतात आणि धागाही रिता राहतो. मागावरून उतरलेले अंशुक पूर्ण काळोखे असते, आणि ते पहिल्यांदा उन्हात पसरणे हा त्याचा जन्म असतो.

१० जुलै

आज बराच वेळ अस्वस्थ होते. आतापर्यंत जे मांडले ते सगळे जवळपास शक्य कोटीतील आहे, आणि ज्या वस्त्रात अशक्य काहीच नाही ते कितीही सुंदर असले तरी जादूचे नाही. एकच अशक्य गोष्ट हवी, आणि बाकीचे सगळे तिच्याशी प्रामाणिक राहिले पाहिजे. दोन अशक्य गोष्टी घेतल्या की वाचक तिसरीची वाट पाहू लागतो आणि मग कोणत्याही संकटाची त्याला भीती उरत नाही.

ठरले ते असे : खरा भारलेला पदार्थ अंधारात नेला की आधी लखलखतो आणि मग विझत जातो, त्याला आपण घेतलेल्या उजेडाचा क्रम आठवत नाही. अंशुकाला क्रम आठवतो. जसा उजेड आत गेला तसाच तो बाहेर येतो. ढग आला असेल तर तेवढा वेळ कापड मंदावते, ढग सरला की पुन्हा उजळते.

१४ जुलै

दुरुस्ती. तिसऱ्या प्रकरणातील निरोप्या भर दुपारी अंशुक अंगावर घेऊन चालतो; ते काढावे लागेल. कापड सतत उजेड परत देत असेल तर ते पेटीत ठेवूनही रिते होईल, म्हणून त्याला सुटण्यासाठी ऊब लागते असे धरले आहे. याला आधार आहे : १६६३ साली रॉबर्ट बॉइल यांनी एक हिरा अंधारात अंगाच्या ऊबेला धरून तो मंद उजळतो असे नोंदवले होते. गार अंशुक उजेड राखते, अंगावरचे अंशुक खर्च करते. मग दिवसा ते अंगावर घेणे म्हणजे कोणाला दिसणारही नाही असा उजेड उधळणे होय. उन्हात पसरायचे तेही ओल्या, गार कातळावर.

२६ जुलै

क्रमाचा नियम अर्धवट होता. आधी गेलेला उजेड आधी बाहेर येतो असे मानून सहावे प्रकरण लिहायला घेतले आणि गाडी अडली. तसे असेल तर कादंबरीतील आजीने स्वतः कापड पसरून त्यात भरलेले ऊन पहिल्याच काही रात्रींत संपून जाईल आणि कापडात नेहमी परवाचे, कालचे ऊनच शिल्लक राहील. मागे जाण्यासारखे काही उरणारच नाही.

दिवसभर विचार केल्यावर उत्तर कपड्यांच्या पेटीत सापडले. पेटीत जी घडी शेवटी ठेवली ती प्रथम हाती येते. अंशुकही तसेच : शेवटी गेलेला उजेड प्रथम बाहेर पडतो आणि सर्वांत जुना तळाशी राहतो. एका दिवसाच्या दोन घटका उन्हाला ‘थर’ म्हणायचे. एक थर ऊबेवर साधारण एक रात्र पुरतो. रोज ऊन दाखवून रोज रात्री वापरणाऱ्या घरात वरचा थर येतो-जातो आणि तळाचे थर वर्षानुवर्षे जसेच्या तसे राहतात.

या बदलाने आणखी एक देणगी दिली, जिची मी अपेक्षा केली नव्हती. उजेड उलट्या क्रमाने निघतो, म्हणजे अंशुक पांघरलेल्या माणसाला ऊन कलताना आधी दिसते, मग डोक्यावरचे लख्ख ऊन, आणि पहाटेच्या सुमारास कड्यावरून नुकते उतरणारे पहिले ऊन. रात्रभर ते वस्त्र दिवसाच्या शेवटाकडून आरंभाकडे चालत राहते. राखणदार वेळ त्यावरूनच ओळखतील.

८ ऑगस्ट

तंट्याचे गणित. भारणाऱ्या कोणत्याही पदार्थाला मर्यादा असते; ती गाठली की आणखी ऊन दाखवून उपयोग नसतो. अंशुकात शंभर थर मावतात असे धरले. घरातील अंशुकात तळाचे चाळीस थर आजीच्या काळचे आहेत, वरचे साठ नंतर भरलेले. धुक्याचा ऋतू नव्वद रात्रींचा असतो आणि त्यात ऊन तळापर्यंत येत नाही. साठाव्या रात्री काका म्हणतील की कोठार राखायचे तर खालच्या थरांना हात घालावा लागेल. नात म्हणेल, नाही. काकांचे म्हणणे चुकीचे नाही, कारण धान्य कुजले तर घर उपाशी राहील. नातीचेही चुकीचे नाही, कारण तो उजेड एकदा गेला की गेला. येथे कोणालाही दुष्ट करायचे नाही. काकांनीच आईच्या, म्हणजे या आजीच्याच, हाताखाली ते कापड पसरायला मदत केलेली आहे, आणि तरी ते खर्च करा म्हणत आहेत, हे त्या प्रकरणाचे खरे दुखणे आहे.

१९ ऑगस्ट

वस्त्र म्हातारे कसे होते, एवढीच आजची नोंद. विसाव्या शतकाच्या आरंभी घड्याळांच्या तबकड्यांवर रेडियम आणि झिंक सल्फाइड यांचा रंग देत. तो रंग लावणाऱ्या, ब्रशाचे टोक ओठांनी अणकुचीदार करणाऱ्या कामगार स्त्रियांनी त्याची भयंकर किंमत मोजली. त्या जुन्या तबकड्या आज काळोख्या आहेत. रेडियमचे अर्धायुष्य, म्हणजे ते निम्मे होण्यास लागणारा काळ, सुमारे १६०० वर्षांचे आहे, तेव्हा रेडियम संपलेले नाही. त्याचा मारा सोसून उजळणारे झिंक सल्फाइड थकले आहे. अंशुकालाही हेच लागू करते. प्रत्येक थर देताना धागा किंचित झिजतो. उजेड देणारे ऊन अमर आहे, धरणारा धागा नाही. शिवाय त्या स्त्रियांचे स्मरण ठेवून एक गोष्ट ठरवली : कोमट पाण्यात तीन-तीन दिवस हात घालून कोष सोडवणाऱ्या बायकांच्या बोटांना भेगा पडतात, सांधे वाकतात, हे कादंबरीत ठळक यायला हवे. आजीची करंगळी वाकडी आहे, हे दुसऱ्या प्रकरणात घालून ठेवले.

२ सप्टेंबर

चौथ्या तुकड्याचा एक फोटो हवा होता. अंधाऱ्या खोलीत तो टेबलावर ठेवला, सुरकुती निघावी म्हणून त्यावर तळहात टेकवला आणि दुसऱ्या हाताने कॅमेऱ्याचा फ्लॅश चुकून उडाला. हात उचलला तेव्हा कापडावर माझ्या हाताची काळी आकृती होती, भोवती हिरवट उजेड. बोटांमधल्या फटीही दिसत होत्या. मी ती विझेपर्यंत पाहत बसले.

तीन महिने मी उजेडाचाच विचार करत होते. पण प्रत्येक धागा आपापल्या जागचे ऊन आपापल्या क्रमाने साठवत असेल, तर त्याच्यावर पडलेली सावलीही तो साठवणारच. वरून गेलेला पक्षी, डोकावलेले मूल, कापड गोळा करायला आलेला हात, सगळे त्यात आहे. नियम एकही नवा करावा लागला नाही. तो आधीच्या नियमातच होता आणि मला दिसला नव्हता.

चेहरा मात्र दिसणार नाही, हे तपासून पाहिले. सूर्य आकाशात सुमारे अर्धा अंश रुंद दिसतो, त्यामुळे एक मीटर उंचीवरील वस्तूच्या सावलीची कड जवळपास एक सेंटिमीटर पुसट होते. उभ्या माणसाच्या डोक्याची सावली म्हणजे एक मऊ गोळा. कापडालगत आलेल्या हाताची सावली तेवढी रेखीव. अंगावर घेतलेल्या कापडात तीही जुळत नाही, कारण खांद्याकडचा भाग अधिक ऊबदार असल्याने पुढे धावतो आणि पदर मागे राहतो. म्हणूनच पिढ्यान्‌पिढ्या अंशुक पांघरूनही दरीत हे कोणाच्या लक्षात आले नाही, फक्त काही तरी हलल्याचा भास होत राहिला. सगळे कापड एकाच ऊबेवर सपाट ठेवले तरच सावली अखंड दिसेल.

११ सप्टेंबर

शेवटचे प्रकरण आज लिहून झाले. काका आणि नात यांचा तंटा मिटला तो कोणी हरल्यामुळे नव्हे. धुके नव्वदीच्या पुढे गेले, आणि शेवटचे थर वापरण्यास नात स्वतःच तयार झाली. तळाचा एकच थर तिने मागून घेतला. चुलीतील निखारे काढून तापलेल्या दगडावर दोघांनी वाळू पसरली, ऊब सारखी झाली का ते काकांनी हाताच्या पाठीने चाचपले, आणि वाळूवर अंशुक अंथरले. डोळे सरावेपर्यंत दोघे गप्प बसले.

उजेड उलटा निघतो, म्हणून कापड गोळा करणारा हात रात्रीच्या आरंभीच येऊन गेला. तो काकांचा होता, लहानपणीचा, बोटे आखूड. त्यानंतर रात्रभर केवळ ऊन आणि एकदा एक घार. पहाटेला कोवळ्या उजेडात दोन सावल्या कापडाच्या दोन टोकांवर उमटल्या आणि सुरकुत्या सारत मध्याकडे सरकू लागल्या. आजीने तो क्षणात उरकलेला हातवारा होता, पण मंद ऊबेवर तो पुष्कळ वेळ चालला. उजव्या सावलीत करंगळी वाकडी होती. हात मध्यापर्यंत आले, त्यांच्यामागे कापड काळोखे होत गेले, आणि तळव्यांखालचा उजेडही गेला.

काकांनी कापडाची घडी घातली. उद्यासाठी माझ्याकडे एकच काम राहिले आहे : ही घडी घालताना ते नातीला काय म्हणतात, की काहीच म्हणत नाहीत, हे ठरवायचे आहे.